परक्याच्या उपासाचें पुण्य

गेल्या कांहीं वर्षांत आमच्या सुशिक्षित घरांतून एका नव्या तीर्थक्षेत्राचें माहात्म्य गाइलें जाऊं लागलें आहे. हें क्षेत्र भूमध्य समुद्रांत आहे. तेथील बेटांवरचे लोक, असें आम्हांस सांगण्यांत येतें, ऑलिव्हच्या तेलांत भिजविलेली भाकरी, रानांतली पालेभाजी आणि मूठभर कडधान्य खाऊन शंभर वर्षें जगतात. त्यांना चिंता नाहीं, घाई नाहीं, औषध नाहीं. संध्याकाळीं सारा गांव एकत्र जमतो, वाद्य वाजतें, आणि मरण येतें तेंही झोपेंत. मासिकांचे विशेषांक, चित्रपट, आहारतज्ज्ञांचीं व्याख्यानें आणि दिवाणखान्यांतील गप्पा या सर्वांतून हीच पोथी वाचली जाते, आणि पोथीच्या शेवटीं फलश्रुति म्हणून तेलाची एक महागडी बाटली विकत घेतली जाते. तेल घेण्यास आमची हरकत नाहीं. तें चांगलें तेल आहे. आमचा वाद पोथीशीं आहे.

आमचें म्हणणें थोडक्यांत असें: ज्या जीवनाची ही स्तुति चालली आहे, तें जीवन त्या लोकांनीं आपखुशीनें निवडलेलें नव्हतें, त्याविषयीं त्यांचें स्वतःचें मत काय होतें हें नोंदलेलें आहे, आणि तें मत स्तुतिपाठकांच्या मताच्या नेमकें उलट आहे. दुसऱ्याच्या दारिद्र्याला ‘साधेपणा’ म्हणावयाचें, त्याच्या नाइलाजाला ‘संस्कृति’ म्हणावयाचें आणि त्याच्या उपासाचें पुण्य आपल्या पदरांत बांधून घ्यावयाचें, ही गोष्ट केवळ अज्ञानाची नाहीं. ती अन्यायाची आहे.

सर्व बेटांविषयीं एकदम बोलणें म्हणजे कोणाविषयींच न बोलणें होय. म्हणून ज्या बेटाचा दाखला स्तुतिपाठक फार देतात तें क्रीटच आम्ही घेतों. पूर्वपश्चिम सुमारें २६० किलोमीटर लांब, क्षेत्रफळ सुमारें ८,३०० चौरस किलोमीटर, आणि मधोमध डोंगरांचा कणा. त्यांतील प्सिलोरितिस हा २,४५६ मीटर उंच. १६६९ पर्यंत साडेचार शतकें व्हेनिसची सत्ता, मग १८९८ पर्यंत तुर्कांची, आणि १९१३ सालीं ग्रीसमध्यें सामिलीकरण. १९४१ च्या मे महिन्यांत जर्मन सैनिक आकाशांतून उतरले. १९४४ च्या ऑगस्टांत त्यांनीं प्सिलोरितिसच्या उतारावरील अनोगिया हा सबंध गांव उद्ध्वस्त केला. ज्या पिढीच्या आहाराचे गोडवे आज गाइले जातात ती हीच पिढी. ‘चिंता नाहीं’ असें तिच्याविषयीं लिहिणाऱ्याच्या लेखणीस आम्ही नमस्कार करतों.

आतां या लोकांचा दिवस कसा जात असे तें पाहूं. त्यांची भाकरी म्हणजे ‘पाक्सिमादि’. जवाची अथवा जव आणि गहूं यांच्या मिश्रणाची, दोनदां भाजलेली, दगडासारखी कठीण. ती पाण्यांत भिजविल्यावांचून दांतांस दाद देत नाहीं. आज ती उपाहारगृहांत टोमॅटो आणि चीज घालून नजाकतीनें वाढली जाते. पण ती दोनदां कां भाजीत? कारण भट्टी रोज पेटविणें परवडत नसे. डोंगरांतून काटक्याकुटक्या व झुडपें पाठीवर वाहून आणावयाचीं, एकदां भट्टी तापवावयाची, आणि कित्येक आठवडे पुरेल इतकी भाकरी एकाच वेळीं भाजून ती वाळवून ठेवावयाची. मेंढपाळ महिनोन्महिने डोंगरावरील दगडी ‘मितातो’त राहत, त्यांच्या झोळींत टिकेल अशी दुसरी भाकरी नव्हती. म्हणजे ज्या पदार्थाला आज आपण रुचीचा शोध समजतों तो सरपणाच्या टंचाईचा शोध आहे. शोध म्हणून तो थोरच आहे. पण त्याचें थोरपण ज्यानें टंचाई सोसली त्याचें, ज्यानें बशींत घेतला त्याचें नव्हे.

‘होर्ता’ म्हणजे रानभाजीचेंही तसेंच. पावसाळा सुरू झाला कीं स्त्रिया सुरी आणि फडकें घेऊन बांधाबांधांवरून, खडकांच्या फटींतून ही भाजी खुडीत. कोणतें पान कडू, कोणतें कोंवळें असतांना खावें, कोणतें उकडून पाणी टाकून द्यावें, ही विद्या आईकडून मुलीकडे जात असे. ही विद्या आम्हांस खरोखर पूज्य वाटते. पाऊस पडून गेल्यावर गोगलगायी गोळा करीत, आणि जर्मन अंमलाच्या दिवसांत, एरवीं जनावरांपुढें टाकावयाच्या कॅरोबच्या शेंगांवरही माणसांना दिवस काढावे लागले. या यादीकडे शांतपणें पाहिलें असतां काय दिसतें? ज्या भूमीनें फारसें कांहीं दिलें नाहीं त्या भूमीकडून माणसानें चिकाटीनें काय काय वसूल केलें याचा तो हिशेब आहे. त्यांत अभिमानाला जागा आहे, नंदनवनाला नाहीं.

आणि ज्या तेलाची एवढी कीर्ति, त्याची गोष्ट तर अवश्य सांगितली पाहिजे. ऑलिव्हची वेचणी हिवाळ्यांतली. झाडांखालीं जाळीं अंथरण्याची पद्धति अलीकडची. त्यापूर्वीं पिकून गळालेलीं फळें जमिनीवरून एक एक वेंचीत, आणि वेंचणाऱ्या बहुतेक स्त्रिया असत. डोंगराळ गांवांतल्या स्त्रिया व मुली खालच्या बागांतून हंगामभर मजुरीस येत, आणि थंडीपावसांत, चिखलांत, कंबरेंत वांकून दिवसचे दिवस काढीत. पुष्कळदां त्यांची मजुरी तेलाच्याच मापानें चुकती होई. घरीं परतल्यावर पाणी, भट्टी, शेळ्या, मुलें. आणि रात्रीं हातमाग, कारण मुलीचा हुंडा मागावर विणावयाचा असे. संध्याकाळीं ‘सारा गांव’ एकत्र जमतो असें जें म्हणतात तो सारा गांव म्हणजे कॉफीच्या दुकानांत बसलेले पुरुष होत. तेथें स्त्रियांना जागा नव्हती. ग्रीसमध्यें स्त्रियांना पार्लमेंटच्या निवडणुकीचें मत मिळालें तें १९५२ सालीं, आणि हुंड्याची प्रथा कायद्यानें रद्द झाली ती १९८३ सालीं. ज्या ‘घाई नसलेल्या’ जीवनाचें वर्णन आपण वाचतों तें निम्म्या गांवाचें जीवन आहे, आणि उरलेलें निम्में गांव धांवत होतें म्हणून त्या निम्म्याला बसतां येत होतें.

हें आमचें तर्कट नव्हे. दुसरें महायुद्ध संपल्यावर ग्रीक सरकारच्या विनंतीवरून अमेरिकेंतील रॉकफेलर फाउंडेशननें १९४८ सालीं क्रीटची सविस्तर पाहणी केली. लेलंड ऑलबॉ यांनीं तिचा वृत्तान्त १९५३ सालीं ग्रंथरूपानें प्रसिद्ध केला. सुमारें दीडशें कुटुंबांमागें एक याप्रमाणें घरें निवडून लोकांना विचारण्यांत आलें. मांस, मासे, दूध, अंडीं या सर्वांचा मिळून आहारांतला वांटा उष्मांकांच्या शेंकडा सात इतकाच भरला. बाकी सारें धान्य, कडधान्य, भाजी, फळें आणि तेल. पाहणी करणाऱ्यांनीं प्रामाणिकपणें असेंही लिहून ठेविलें कीं, हा आहार त्यांना वाटला होता त्यापेक्षां बराच चांगला निघाला. स्तुतिपाठक येथवर वाचतात आणि ग्रंथ मिटतात. पुढचें पान असें आहे: आपला आहार समाधानकारक आहे असें म्हणणारीं कुटुंबें सहांत एक इतकींच निघालीं. तुम्हांला काय खावयास आवडेल, असें विचारल्यावर बहुतेकांनीं पहिलें नांव मांसाचें घेतलें. आपण बहुधा उपाशींच असतों, अशी तक्रारही त्यांत नोंदलेली आहे. ज्या ताटाला आज जगभर आदर्श ताट म्हणून मिरविलें जातें, त्या ताटापुढें बसलेल्या माणसाचें त्याविषयींचें मत हें असें होतें.

युद्ध नुकतेंच संपलें होतें, म्हणून ही तक्रार, असें कोणी म्हणेल. युद्धाची छाया होती हें आम्हांस मान्य आहे. पण युद्ध संपून पंधरा वर्षें झाल्यावर ग्रीस आणि पश्चिम जर्मनी यांच्यामध्यें कामगारांच्या भरतीचा करार झाला, आणि १९६० नंतर ग्रीक खेड्यांतून माणसें जर्मनीच्या कारखान्यांकडे लोटलीं. ज्यांनीं गांवें जाळलीं त्यांच्याच देशांत मजुरीस गेलीं. स्वर्ग सोडून माणूस कारखान्यांत कां जाईल, याचें उत्तर पोथींत नाहीं.

आतां विज्ञानाकडे वळूं. कारण पोथीवाले शेवटीं विज्ञानाचीच शपथ घेतात. अमेरिकन शरीरशास्त्रज्ञ अँसेल कीज यांनीं १९५८ पासून सात देशांत हृद्रोगाचा मोठा अभ्यास आरंभिला. क्रीटमध्यें १९६० सालीं ६८६ पुरुषांची तपासणी झाली, आणि पुढील पाठपुराव्यांत हृद्रोगाचे मृत्यु तेथें सर्वांत कमी आढळले. हें सत्य आहे, आणि तें आम्ही नाकारीत नाहीं. परंतु हे ६८६ जण कोण होते? चाळीस ते एकूणसाठ वर्षें वयाचे पुरुष. स्त्री त्यांत एकही नव्हती. शिवाय जो बाळपणीं दगावला, जो हिंवतापानें गेला, जो १९४१ ते १९४५ च्या दरम्यान गोळीनें किंवा उपासमारीनें मेला, तो १९६० सालीं तपासणीस हजर राहूं शकत नव्हता. जगले त्यांचें हृदय बळकट होतें, एवढेंच त्या आंकड्यांवरून निघतें. तें जीवन सर्वांस जगवीत होतें असें त्यावरून निघत नाहीं. चाळणींतून वर राहिलेले दाणे पाहून चाळणीची दयाबुद्धि वाखाणण्यासारखा हा प्रकार आहे.

आणखी एक गोष्ट. ऑर्थॉडॉक्स पंथाच्या पंचांगाप्रमाणें वर्षांतील सुमारें १८० ते २०० दिवस व्रताचे असतात; त्या दिवशीं मांस, दूध, अंडीं वर्ज्य, आणि कडक व्रत असेल तर तेलही वर्ज्य. कीज यांच्या अभ्यासांत या व्रतांचा विचार झाला नाहीं, असा आक्षेप क्रीटच्याच संशोधकांनीं २००५ सालीं प्रसिद्धपणें घेतला. म्हणजे ज्याला आपण ‘भूमध्य आहार’ म्हणतों त्यांत धर्माचा वांटा किती, दारिद्र्याचा किती, आणि दिवसभर डोंगर चढण्याचा किती, हें वेगळें काढणें सोपें नाहीं. पण बाटलींत भरून विकतां येतें तें तेल. व्रत विकतां येत नाहीं, आणि डोंगर तर मुळींच नाहीं. म्हणून जाहिरातींत तेल तेवढें उरलें.

दीर्घायुष्याच्या बाबतींत तर आणखी सावधगिरी हवी. सार्डिनिया, इकारिया वगैरे बेटांवरील शतायुषींच्या कथांनीं गेल्या वीस वर्षांत जग भारून गेलें आहे. सॉल न्यूमन यांनीं असें दाखविण्याचा प्रयत्न केला कीं, अतिवृद्धांची गर्दी जेथें दिसते तेथें बहुधा जन्ममृत्यूच्या नोंदींचा गोंधळ आणि दारिद्र्यही असतें. त्यांना २०२४ सालीं ‘इग नोबेल’ हें मिस्किल पण अर्थपूर्ण पारितोषिक मिळालें. त्या बेटांचे अभ्यासक हा आक्षेप मानीत नाहींत, आणि आपण वयें पडताळून पाहिलीं आहेत असें सांगतात. हा वाद तज्ज्ञांनीं मिटवावा. पण ‘औषध नाहीं’ हें वाक्य मात्र आम्ही सोडणार नाहीं. सार्डिनियाला शतकानुशतकें हिंवतापानें ग्रासलें होतें. १९४६ ते १९५० या काळांत डी. डी. टी. फवारून तो हटविण्यांत आला. क्रीटच्या किनाऱ्याजवळ स्पिनालोंगा म्हणून लहानसें बेट आहे. १९०३ पासून १९५७ पर्यंत महारोग्यांना घरदार सोडून तेथें नेऊन ठेवीत. गांवाचा जो जिव्हाळा आज वर्णिला जातो तो त्यांना परत बोलवावयास गेला नाहीं. रोगावर औषध निघालें तेव्हां तें बेट रिकामें झालें. आज तेथें प्रवासी छायाचित्रें काढतात.

प्रवाशांच्या या हौसेचा आणखी एक मासला पाहा. क्रीटचा ‘प्राचीन’ नाच म्हणून जो जगभर नाचला जातो तो ‘सिर्ताकि’ १९६४ च्या ‘झोर्बा द ग्रीक’ या चित्रपटासाठीं रचला गेला. कझान्झाकिस हे क्रीटचेच. त्यांची मूळ कादंबरी १९४६ ची. त्या कादंबरींत आणि चित्रपटांतही गांवानें मिळून एका विधवेचा केलेला खून आहे. प्रेक्षकांनीं नाच लक्षांत ठेविला, विधवा विसरली. परंपरेची निवड कशी होते याचें याहून बोलकें उदाहरण आम्हांस ठाऊक नाहीं.

येथें कोणी विचारील: मग त्या जीवनांत चांगलें कांहींच नव्हतें काय? होतें, आणि पुष्कळ होतें. पंधरा अक्षरांच्या चरणांची यमकबद्ध ‘मांतिनाद’ उत्स्फूर्त रचून एकमेकांस उत्तर देणारा मेंढपाळ, पाहुण्यापुढें घरांतलें शेवटचें अन्न ठेवणारें घर, ‘लिरा’ या तंतुवाद्यावरची रात्ररात्र चालणारी मैफल, ही कोणत्याही समाजास भूषण व्हावीत अशीं लेणीं आहेत. पण त्याच डोंगरांत मेंढ्यांची चोरी हें मर्दपणाचें प्रमाणपत्र होतें, आणि पिढ्यानपिढ्या चालणारीं खुनाचीं वैरें होतीं. मायकेल हर्झफेल्ड या मानववंशशास्त्रज्ञानें १९८५ च्या आपल्या ग्रंथांत हा मर्दपणा सहानुभूतीनें, पण डोळे उघडे ठेवून वर्णिला आहे. आदर असाच असावा लागतो. ज्याला समग्र पाहण्याचें धैर्य नाहीं त्याचा आदर म्हणजे कुरवाळणें होय.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. ते म्हणतात: क्रीटच्या लोकांनीं जुनें अन्न सोडलें आणि रोग ओढवून घेतले, मग जुनेंच बरें नव्हतें काय? ग्रीस, सायप्रस, इटली, स्पेन या देशांत २०१५ ते २०१७ च्या सुमारास केलेल्या पाहणींत शाळकरी मुलग्यांपैकीं जवळजवळ पांचांत एक स्थूल आढळला, ही गोष्ट खरी आहे आणि दुःखाची आहे. पण त्यावरून निष्कर्ष काय काढावयाचा? स्पेनमध्यें सात हजारांहून अधिक लोकांवर जो प्रयोग झाला, ज्याचा वृत्तान्त २०१३ सालीं आणि दोष दुरुस्त करून पुन्हा २०१८ सालीं प्रसिद्ध झाला, त्यांतील माणसें आजच्या काळांतलीं, डॉक्टरांच्या देखरेखीखालचीं होतीं. त्यांना ऑलिव्हचें तेल अथवा कवचीचीं फळें पुरविलीं, आणि हृद्रोगाचे व पक्षाघाताचे झटके कमी झाले. त्यांना कोणी हिवाळ्यांत फळें वेंचावयास लाविलें नव्हतें, त्यांच्या मुलींना मागावर बसविलें नव्हतें. म्हणजे अन्नाचा गुण घेतां येतो आणि दारिद्र्य टाळतां येतें. हेंच जर सिद्ध झालें, तर दारिद्र्याची आरती ओवाळण्याचें प्रयोजनच उरत नाहीं.

२०१० सालीं युनेस्कोनें या आहाराची मानवजातीच्या अमूर्त वारशांत नोंद केली, आणि त्यांत परंपरा पुढें सोंपविण्याचें श्रेय स्त्रियांस दिलें. श्रेय देणें योग्यच झालें. पण ज्यांच्या कंबरेच्या कांट्यावर हा वारसा उभा राहिला त्यांस वारशाचें नांव मिळालें तें त्या बहुतेक गेल्यावर. जिवंत असतांना त्यांनीं मागितलें होतें तें आठवड्यांतून एखाद्या वेळचें मांस, जवळचा डॉक्टर आणि मुलांना शाळा.

हा प्रश्न केवळ क्रीटचा असता तर आम्ही एवढी शाई खर्ची घातली नसती. आमच्याच घरांत हीच वृत्ति दुसऱ्या वेषांत वावरते. कोंकणांतील ‘साध्या, निरागस’ जीवनाचें वर्णन करणारे लेखक मुंबईच्या गिरण्यांतून दरमहा गेलेल्या मनिऑर्डरींचा उल्लेख करावयास विसरतात. त्या मनिऑर्डरींनींच तीं कौलारू घरें उभीं राहिलीं. नाचणीची भाकरी आज आरोग्यासाठीं खाणारे आपण, जिच्या घरीं नाचणीवांचून दुसरें कांहीं नव्हतें त्या बाईला ‘तुझें किती छान’ असें म्हणतों. तिनें मुलाला तांदूळ मिळावा म्हणून काय केलें तें विचारीत नाहीं. आणि ही वृत्ति निरुपद्रवी आहे असें कोणी समजूं नये. ज्याला आपण सुखी ठरविलें त्याची मागणी आपल्याला हट्ट वाटूं लागते. तो रस्ता मागतो तेव्हां आपण शांतता भंगली म्हणतों; तो दवाखाना मागतो तेव्हां जुन्या काढ्याची आठवण देतों; त्याचा मुलगा शहरांत येतो तेव्हां मुळें तुटल्याबद्दल शोक करतों. हा शोक करावयास आपण मात्र शहरांतच असतों. दुरून डोंगर साजरे, ही म्हण ज्या भाषेंत आहे त्या भाषेच्या वाचकांस याहून अधिक सांगण्याची गरज नसावी.

आमची मागणी मोठी नाहीं. क्रीटचें तेल खुशाल घ्या, पाक्सिमादि भिजवून खा, रानभाजीची विद्या लुप्त होऊं देऊं नका. पण ती खुडणारीच्या नांवावर तें सारें जमा करा, तिच्या दारिद्र्याच्या नांवावर नव्हे. आणि कोणाच्याही जीवनास आदर्श म्हणण्यापूर्वीं एक साधा प्रश्न विचारा: ज्याला तें सोडतां येत होतें त्यानें तें सोडलें कीं ठेविलें? क्रीटच्या लोकांनीं १९४८ सालीं विचारणाऱ्यास उत्तर दिलेलें आहे. तें उत्तर ऐकून घेणें एवढाच सभ्यपणा आतां आपल्याकडे उरला आहे.